मोडी कागदावरची तारीख कशी उलगडावी: नवशिक्यांसाठी मार्गदर्शक

घरच्या जुन्या पेटीत सापडलेला मोडी कागद एखाद्या जाणकाराकडून वाचून घेतला, की त्यातील माणसे, गावे आणि रकमा हळूहळू ओळखीच्या होतात. घोडे अडते ते तारखेपाशी. ‘सु॥ सबा सबैन मया व अलफ’ अशी ओळ समोर आली की पहिल्यांदा वाचणाऱ्याला तो मंत्र वाटतो. माझ्या आजोळच्या वतनाच्या एका कागदावर नेमकी हीच ओळ होती. अरबी शब्द दिसले म्हणून मी तो हिजरी सन समजलो, इंटरनेटवरील तक्त्यात ११७७ हा आकडा घातला आणि इ. स. १७६३-६४ असे उत्तर मिळवून समाधानाने वहीत लिहून टाकले. कागदात ‘माधवराव पंडित प्रधान’ असा उल्लेख होता आणि थोरले माधवराव त्या काळी पेशवे होतेच, त्यामुळे शंका घेण्याचे कारणच उरले नाही. प्रत्यक्षात तो सुहूर सन, म्हणजे महसुलासाठी वापरले जाणारे सौर वर्ष होते आणि कागद १७७६-७७ मधला, म्हणजे दोन-तीन वर्षांच्या सवाई माधवरावांच्या नावाने कारभार चालत असतानाचा होता. चूक तेरा वर्षांची होती आणि दोन्ही पेशव्यांचे नाव एकच असल्यामुळे ती जवळजवळ वर्षभर लपून राहिली.

त्या चुकीनंतर मी ही तारखेची भाषा नीट शिकलो. भाषा म्हणण्याचे कारण असे की ती आपोआप रुजलेली कालगणना नाही. महसूल, चंद्रदर्शन, धर्मकृत्ये आणि राजसत्ता या चार गरजांसाठी चार वेगवेगळ्या मोजण्या घडवल्या गेल्या आणि दफ्तरातील कारकुनांनी त्या एका ओळीत गुंफल्या. ओळीतला प्रत्येक तुकडा दुसऱ्याची साक्ष देतो, आणि ती साक्ष काढता येणे हेच खरे कौशल्य आहे. पुढील पायऱ्या त्याच क्रमाने मांडल्या आहेत.

सुरुवातीपूर्वी जवळ काय असावे

कागदाच्या दोन्ही बाजूंची स्वच्छ छायाचित्रे, मोडी बाराखडीचा तक्ता, एक वही आणि एक जंत्री एवढे साहित्य पुरेसे आहे. जंत्री म्हणजे निरनिराळ्या कालगणनांच्या तारखा शेजारी शेजारी मांडलेला कोष्टकग्रंथ. शिवकाळासाठी खरे यांची जंत्री आणि पेशवाईसाठी मोडक यांची जंत्री अभ्यासक नेहमी वापरतात. त्या विकत मिळणे अवघड आहे, पण इतिहासविषयक जुन्या ग्रंथालयांत त्या असतात. पुण्यातील भारत इतिहास संशोधक मंडळात चौकशी करावी. पंचांग गणित करणारी संगणक प्रणालीही चालेल, मात्र आठवी पायरी वाचल्याशिवाय तिच्यावर विश्वास टाकू नये. मूळ कागदाला चिकटपट्टी लावू नये, तो प्लास्टिकमध्ये बंद करून घेऊ नये आणि पुसट अक्षरांवर पेन तर मुळीच फिरवू नये.

१. तारखेची जागा शोधा

आपल्याला पत्राच्या डोक्यावर तारीख पाहण्याची सवय असते. जुन्या राजपत्रांत आणि सनदांत शके व संवत्सर प्रारंभी येतात, पण अनेक पत्रांत आणि आज्ञापत्रांत तारीख मजकूर संपल्यावर, ‘जाणिजे’ या शब्दाच्या आसपास सापडते. सुहूर सन कधी मायन्यातच, ज्याला पत्र लिहिले त्याच्या नावापाशी, येऊन जातो आणि चंद्राची तारीख मात्र अगदी शेवटी राहते. म्हणून एकाच कागदातील तारीख दोन तुकड्यांत विभागलेली असू शकते, हे गृहीत धरूनच संपूर्ण कागद वाचावा.

येथे पहिला सापळा आहे. कागदाच्या पाठीवर किंवा वरच्या कोपऱ्यात ‘पौ॥’ अशा खुणेपुढे एखादी तारीख असेल, तर ती पत्र पावल्याची, म्हणजे पोहोचल्याची तारीख असते. पत्र लिहिले गेले तो दिवस त्याच्याही आधीचा. दोन्ही तारखा मिळाल्या तर त्या वेगवेगळ्या नोंदवाव्यात. दिल्लीहून किंवा कर्नाटकातून आलेल्या पत्रात त्यांच्यातील अंतर हीच मोलाची माहिती ठरते.

२. ओळीचे तुकडे पाडा

तारखेतील प्रत्येक शब्द कोणत्या मोजणीचा आहे हे अर्थ लावण्यापूर्वीच ठरवावे. ‘सु॥’, ‘सुहूर सन’, ‘सुरू सन’ किंवा नुसते ‘सन’ आणि त्यापुढे अरबी संख्याशब्द आले, तर तो सुहूर सन. ‘छ’ हे अक्षर, त्यापुढे एक ते तीस यांपैकी आकडा आणि मग मोहरम, सफर, रजब असा महिना आला, तर ती चंद्राची तारीख. ‘शके’ आणि संवत्सराचे नाव, चैत्रादी महिना, शुद्ध किंवा वद्य पक्ष, तिथी आणि वार हा तिसरा संच. वद्य पक्षासाठी ‘बहुल’ हा शब्दही येतो. ‘राज्याभिषेक शक’ आणि ‘फसली’ हे दोन पाहुणे अधूनमधून भेटतात.

बहुतेक कागदांत हे सारे एकत्र नसते. वतनाच्या आणि महसुलाच्या कागदांत सुहूर सन व चंद्राची तारीख यांची जोडी वारंवार दिसते, तर खासगी पत्रांत नुसती तिथी लिहून वर्ष गाळलेले आढळते, कारण वाचणाऱ्याला वर्ष माहीतच होते.

३. सुहूर सनाचे शब्द अंकांत आणा

या पायरीवर घाई करू नये. सुहूर सन बहुधा अंकांत नव्हे तर अरबी संख्याशब्दांत लिहितात, आणि ते शब्द कारकुनांच्या तोंडी मराठी वळणाचे झालेले असतात. एकम स्थानचे शब्द पाठच करावेत:

इहिदे (१), इसन्ने (२), सलास (३), अर्बा (४), खमस (५), सीत (६), सबा (७), समान (८), तिसा (९).

दहा म्हणजे अशर. पुढील दहांचे शब्द असे आहेत:

अशरीन (२०), सलासीन (३०), अर्बैन (४०), खमसैन (५०), सितैन (६०), सबैन (७०), समानीन (८०), तिसैन (९०).

शंभर म्हणजे मया, दोनशे म्हणजे मयातैन आणि हजार म्हणजे अलफ. मधला ‘व’ हा ‘आणि’ या अर्थाचा आहे.

क्रम एकमकडून हजाराकडे जातो. ‘सबा सबैन मया व अलफ’ म्हणजे सात, सत्तर, शंभर आणि हजार, एकूण ११७७. मराठी माणसाला हे जड जाऊ नये, कारण आपणही सत्याहत्तर म्हणताना सात आधी आणि सत्तर मागून म्हणतो. अकरा ते एकोणीस या संख्यांत एकमचा शब्द आणि ‘अशर’ जोडीने येतात, म्हणून ‘समान अशर मयातैन व अलफ’ म्हणजे १२१८.

चुका कोठे होतात ते सांगतो. सलास आणि सलासीन, सीत आणि सितैन, सबा आणि सबैन, समान आणि समानीन या जोड्यांत केवळ शेपटीचा फरक आहे, आणि कागदाची कड फाटली असेल तर नेमकी शेपटीच गेलेली असते. मोडीत ऱ्हस्व-दीर्घाचा भेद पाळला जात नाही, त्यामुळे ‘सित’ आणि ‘सीत’ यांत फरक शोधत बसू नये. शब्द कोणत्या जागी आला आहे यावरून तो सहा की साठ हे ठरवावे. एकमच्या जागी आलेला शब्द दहाचा असू शकत नाही, आणि एकमची जागा रिकामी असेल तर संख्या शून्यावर संपते, जसे ‘समानीन अलफ’ म्हणजे १०८०.

आणखी एक अडचण अशी की रोजच्या लिखाणात कारकून शतक आणि हजार गाळतात. ‘सन सबा सबैन’ एवढेच लिहिले असेल तर तो १०७७ की ११७७ हे शब्द सांगत नाहीत. पहिला शिवकाळातला, दुसरा उत्तर पेशवाईतला. अशा वेळी मायना, शिक्का, व्यक्तींची नावे आणि अक्षराचे वळण पाहून शतक ठरवावे लागते, आणि ते आपण अनुमानाने ठरवले आहे हे वहीत स्पष्ट लिहावे.

४. सुहूर सनाचा इसवी सन करा

सूत्र सोपे आहे. मृग नक्षत्र लागल्यापासून डिसेंबरअखेरपर्यंतच्या तारखेसाठी सुहूर सनात ५९९ मिळवावेत, आणि जानेवारीपासून पुढचा मृग लागेपर्यंतच्या तारखेसाठी ६०० मिळवावेत. म्हणून ११७७ म्हणजे १७७६ च्या जूनपासून १७७७ च्या जूनपर्यंतचे वर्ष.

मृगाचा संबंध कोठून आला हे समजले की सूत्र विसरत नाही. हिजरी वर्ष निव्वळ चांद्र असल्यामुळे ३५४ किंवा ३५५ दिवसांचे असते आणि दरवर्षी ऋतूंच्या मागे सरकते; शेतसारा मात्र पिकावर वसूल करावयाचा असतो. चौदाव्या शतकाच्या मध्यास, हिजरी ७४५ म्हणजे इ. स. १३४४ च्या सुमारास, हिजरीचा आकडा तसाच ठेवून वर्ष सौर करण्यात आले आणि त्याचा आरंभ सूर्य मृग नक्षत्रात जातो त्या दिवसाशी बांधण्यात आला. ही योजना मुहम्मद तुघलकाच्या कारकिर्दीतील मानली जाते. पेरणीच्या तोंडावर सुरू होणारे वर्ष म्हणून त्याला ‘मृगसाल’ असेही नाव आहे. त्या क्षणापासून हिजरी आणि सुहूर यांची फारकत सुरू झाली आणि अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात दोघांत तेरा वर्षांचे अंतर पडले. माझी तेरा वर्षांची चूक ती हीच.

मृगाची तारीख सर्व काळी एक नसते. आज मृग ७-८ जूनच्या सुमारास लागतो. शिवकाळात तो जुन्या ज्युलियन मोजणीने २३-२४ मेच्या सुमारास लागत असे. तारीख मे अखेरीची किंवा जूनच्या पहिल्या आठवड्यातली असेल तर ५९९ की ६०० हे सूत्रावर सोडू नये, जंत्रीच उघडावी.

५. चंद्राची तारीख सोडवा

‘छ ७ जमादिलाखर’ यात महिने हिजरीचे आहेत. त्यांची मराठी कागदांतील रूपे क्रमाने अशी: मोहरम, सफर, रबिलावल, रबिलाखर, जमादिलावल, जमादिलाखर, रजब, साबान, रमजान, सवाल, जिल्काद, जिल्हेज. दोन जोड्यांत ‘वल’ म्हणजे पहिला आणि ‘खर’ म्हणजे दुसरा, एवढे लक्षात ठेवले की संक्षेपातही महिना ओळखता येतो. साबान आणि सवाल मात्र घाईत लिहिलेल्या मोडीत सहज एकमेकांची जागा घेतात.

चंद्राच्या तारखेची आणि तिथीची सांगड घालण्याचा ठोकताळा उपयोगी आहे. हिजरी महिना चंद्रदर्शनाने सुरू होतो आणि चंद्रकोर साधारणपणे शुद्ध द्वितीयेस दिसते. म्हणून चंद्र १ म्हणजे अदमासे शुद्ध २, चंद्र ७ म्हणजे शुद्ध ८, आणि पौर्णिमा उलटली की चंद्र १५ म्हणजे वद्य १. एका दिवसाची कमीजास्त येथे नेहमीची आहे, कारण दर्शन ढगांवरही अवलंबून असते आणि हिजरी दिवस सूर्यास्ताला सुरू होतो. तीन-चार दिवसांचा फरक पडला तर मात्र आपले वाचन चुकले आहे असे समजून महिना पुन्हा पाहावा.

आता या लेखातील सर्वांत फसवा सापळा. सुहूर वर्ष सौर आहे आणि त्यात लिहिलेले महिने चांद्र आहेत. सौर वर्ष सुमारे अकरा दिवसांनी मोठे असल्यामुळे प्रत्येक सुहूर वर्षात चंद्राच्या दहा-अकरा तारखा दोनदा येतात, एकदा वर्षाच्या आरंभी आणि एकदा अखेरीस. उदाहरणार्थ, सुहूर ११६१ या वर्षात सवाल महिन्याच्या शेवटच्या आठवड्यातील तारखा जून १७६० मध्ये येतात आणि पुन्हा मेअखेर व जून १७६१ च्या आरंभी येतात. त्या दोन तारखांच्या मध्ये पानिपत घडून गेले आहे. ‘छ २५ सवाल, सन इहिदे सितैन’ एवढ्यावरून पत्र पानिपतापूर्वीचे की नंतरचे हे ठरत नाही. मजकुरातील मोहिमेची हालचाल, मुक्काम आणि जिवंत असलेल्यांची नावे पाहावी लागतात. छापील साधनग्रंथांतसुद्धा पत्र वर्षभराने मागेपुढे पडलेले दिसले, तर पहिला संशय याच कारणाचा घ्यावा.

६. शके, संवत्सर आणि तिथी तपासा

शक वर्षाचे इसवी वर्ष करताना चैत्र शुद्ध प्रतिपदेपासून डिसेंबरअखेरपर्यंत ७८ आणि जानेवारीपासून फाल्गुन अमावास्येपर्यंत ७९ मिळवावेत. छत्रपती शिवाजी महाराजांची जन्मतिथी फाल्गुन वद्य ३, शके १५५१ ही आहे. १५५१ मध्ये ७९ मिळवले की १६३० येते. मार्गशीर्ष आणि पौष हे महिने डिसेंबर-जानेवारीच्या सीमेवर असल्यामुळे त्यांच्या बाबतीत डोळे झाकून आकडा मिळवू नये. शिवाय, आजच्या शासकीय कागदांवरील भारतीय राष्ट्रीय दिनदर्शिका १९५७ पासून लागू झालेली आहे. तिच्यातही शक आणि चैत्रादी महिने आहेत, पण ते सौर आहेत. मोबाइलमधील एखादे ॲप त्या दिनदर्शिकेने उत्तर देत असेल तर जुन्या कागदासाठी ते निरुपयोगी आहे.

संवत्सराचे नाव ही फुकटात मिळणारी तपासणी आहे. शक वर्षात १२ मिळवून ६० ने भागावे; बाकी उरेल त्या क्रमांकाचा संवत्सर, प्रभवापासून मोजून. शके १५९६ साठी १६०८ भागिले ६०, बाकी ४८, आणि अठ्ठेचाळिसावा संवत्सर आनंद. राज्याभिषेकाचा संवत्सर आनंदच आहे. बाकी शून्य आली तर साठावा, म्हणजे क्षय. शकाचा शेवटचा आकडा पुसला गेला आणि संवत्सर वाचता आला, तर याच गणिताने उलट जाऊन आकडा भरून काढता येतो. माझ्या अनुभवात इतके खात्रीचे साधन दुसरे नाही.

तिथीच्या बाबतीत तीन गोष्टी लक्षात ठेवाव्यात. अधिक मास असेल तर कारकून बहुधा ‘अधिक’ लिहितो, पण निज महिन्यात ‘निज’ लिहीलच असे नाही. उत्तरेकडून आलेल्या पत्रांत महिना पौर्णिमेला संपणारा असू शकतो, तेव्हा वद्य पक्षाला आपल्यापेक्षा पुढच्या महिन्याचे नाव मिळते. शुद्ध पक्ष दोन्हीकडे सारखाच. तिसरी गोष्ट म्हणजे वार सूर्योदयाला बदलतो, मध्यरात्री नव्हे. जेधे शकावली या घटनांच्या जुन्या कालक्रमवार यादीत राज्याभिषेकाच्या नोंदीत ज्येष्ठ शुद्ध १२, शुक्रवार असून रात्र तीन घटिका उरली असताना महाराज सिंहासनी बसले असे म्हटले आहे. तीन घटिका म्हणजे ७२ मिनिटे. आपण मध्यरात्रीपासून दिवस मोजतो म्हणून तोच क्षण शनिवार, ६ जून १६७४ होतो. येथे शुक्रवार आणि शनिवार यांत विरोध नाही, दिवसाच्या व्याख्येचा फरक आहे.

७. राज्याभिषेक शक आणि फसली

राज्याभिषेक शक ज्येष्ठ शुद्ध १३ ला बदलतो. त्या तिथीपासून पुढे शक वर्षातून १५९५ वजा करावेत, आणि चैत्रापासून त्या तिथीपर्यंत १५९६. फसली हाही महसुली सन आहे; दक्षिणी फसली सन सुहूरपेक्षा ९ ने जास्त असतो आणि मराठी मुलखात तोही मृगापासूनच मोजतात. ११७७ सुहूर म्हणजे ११८६ फसली. एवढे पुरते.

८. इंग्रजी तारीख कोणती ते ठरवा

येथवर मिळालेली तिथी आपण इंग्रजी तारखेत बदलतो तेव्हा नवा घोळ सुरू होतो. इंग्रजांनी सप्टेंबर १७५२ पर्यंत ज्युलियन दिनदर्शिका वापरली, तर पोर्तुगिजांनी १५८२ मध्येच ग्रेगोरियन स्वीकारली होती. सतराव्या शतकात दोहोंत दहा दिवसांचे आणि १७०० नंतर अकरा दिवसांचे अंतर आहे. म्हणजे मुंबईच्या इंग्रजांकडून आणि गोव्याच्या पोर्तुगिजांकडून एकाच दिवशी निघालेल्या पत्रांवर दहा-अकरा दिवसांच्या फरकाच्या तारखा असत. त्यातच इंग्रजांचे वर्ष १७५२ पूर्वी २५ मार्चला बदलत असे, त्यामुळे जानेवारी ते मार्चच्या इंग्रजी पत्रांवर मागचे वर्ष दिसते.

शिवकाळावरील मराठी लेखनात रुळलेल्या तारखा ज्युलियन आहेत. १९ फेब्रुवारी १६३० ही ज्युलियन तारीख, ग्रेगोरियन मोजणीने तोच दिवस १ मार्च. ६ जून १६७४ चा ग्रेगोरियन दिवस १६ जून. पंचांग गणित करणाऱ्या काही संगणक प्रणाली कितीही मागे गेले तरी ग्रेगोरियन उत्तरच देतात, आणि मग नवशिक्या वाचकाला पुस्तक चुकल्याचा भास होतो. आपली प्रणाली काय करते हे पाहण्यासाठी तिला फाल्गुन वद्य ३, शके १५५१ ही तिथी विचारावी. उत्तर १ मार्च आले तर ती ग्रेगोरियन आहे, १९ फेब्रुवारी आले तर ज्युलियन.

९. सर्व तुकडे एकमेकांसमोर उभे करा

सरावासाठी पानिपताचा दिवस घेऊ. कारकुनाने त्या दिवशी सर्व मोजण्या लिहिल्या असत्या तर ओळ साधारण अशी झाली असती: शके १६८२, विक्रम संवत्सर, पौष शुद्ध ८, बुधवार, सु॥ इहिदे सितैन मया व अलफ, छ ७ जमादिलाखर.

सुहूर ११६१, महिना पौष, म्हणजे मृग अजून दूर आणि जानेवारी लागलेला असण्याची शक्यता, म्हणून ६०० मिळवून १७६१. शके १६८२ मध्ये ७९ मिळवून तेच १७६१. संवत्सरासाठी १६९४ भागिले ६०, बाकी १४, चौदावा संवत्सर विक्रम. चंद्र ७ म्हणजे अदमासे शुद्ध ८, तेही जुळले. जंत्रीत तारीख १४ जानेवारी १७६१ मिळते आणि त्या दिवशी बुधवारच आहे. यातील एखादा तुकडा जुळला नसता, तर घोळ कोणत्या मोजणीत आहे हे बाकीच्यांनी सांगितले असते.

दुसरे उदाहरण वर्षारंभांचा गोंधळ दाखवण्यासाठी. महाराजांचे निधन चैत्र शुद्ध १५, शके १६०२ रोजी, म्हणजे ३ एप्रिल १६८० ला झाले. पाडवा होऊन गेला होता म्हणून शके नवे, १६०२. ज्येष्ठ शुद्ध १३ यायची होती म्हणून राज्याभिषेक शक अद्याप ६ च. मृगही लागला नव्हता म्हणून सुहूर सन १०८०, ‘समानीन अलफ’. दोन महिन्यांनी लिहिलेल्या कागदावर राज्याभिषेक शक ७ आणि सुहूर ‘इहिदे समानीन’ होईल, शके मात्र १६०२ च राहील. असे दोन कागद शेजारी ठेवले तर नवखा माणूस त्यांत वर्षाचे अंतर आहे असे समजतो.

तपासणीत वार सर्वांत निर्दय आहे. बाकी सर्व जुळून वार जुळत नसेल, तर आधी सूर्योदयाचा मुद्दा पाहावा, मग तिथीची वृद्धी किंवा क्षय पाहावा, आणि तरीही न जुळल्यास वर्ष बदलून पाहावे. कागद बनावट असल्याचा निष्कर्ष अगदी शेवटी काढावा. कारकूनही चुकत असत, आणि नकला करणारे तर फारच.

१०. नोंद अशी ठेवा

वहीत प्रथम मूळ शब्द जसेच्या तसे, कारकुनाच्या वळणासह उतरवावेत. त्याखाली प्रत्येक मोजणीचे अंक, त्याखाली इसवी तारीख आणि तिच्यापुढे ज्युलियन की ग्रेगोरियन ते. फाटलेली किंवा अनुमानाने भरलेली अक्षरे चौकटी कंसात लिहावीत. कोणती जंत्री किंवा कोणती प्रणाली वापरली तेही नोंदवावे. मी पहिल्या खेपेस केवळ ‘१७६३-६४’ एवढेच लिहिले होते. मूळ शब्द लिहिले नव्हते, म्हणून चूक शोधण्यासाठी मला पुन्हा आजोळी जाऊन पेटी उघडावी लागली, आणि तोवर कागदाच्या घडीवरचा ‘सबैन’ निम्मा झडला होता.